शाब्दिक उदाहरणात अपूर्णांकांचा गुणाकार करायचा, हे मुलांना कसं ओळखायला शिकवावं?

तुम्ही लिहिलंय की सहावीतल्या मुलीला ५/२ × ३/५ नुसतं दिलं तर जमतं, पण तेच शब्दांत आलं की ती गोंधळते. मी जळगाव जिल्ह्यातल्या यावल तालुक्यात गणित शिकवतो. आमच्या वर्गात हा घोळ दरवर्षी होतो आणि तो बहुतेक वेळा गणिताचा नसतो, वाचण्याचा असतो.

तिला हे दोन प्रश्न शेजारी-शेजारी द्या. ‘अडीच एकरातल्या पाव एकरात केळी लावली, किती रान उरलं?’ आणि ‘अडीच एकराच्या पाव भागात केळी लावली, तर केळी किती एकरात?’ पहिल्यातला पाव म्हणजे मोजलेली जमीन, दहा गुंठे (एकराचे गुंठे चाळीस). तिथे वजाबाकी. दुसऱ्यातला पाव कशाचा तरी आहे, म्हणून गुणाकार. अपूर्णांक दिसला की ‘कशाचा?’ हे तिला मोठ्याने विचारू द्या.

खरी फसगत पुढे असते. अडीच एकराच्या तीन पंचमांश भागात केळी आणि उरलेल्या रानाच्या एक चतुर्थांशात हरभरा. केळी ५/२ × ३/५ = ३/२, म्हणजे दीड एकर. (गुंठ्यांत पडताळा घ्या: १०० चे तीन पंचमांश ६०.) हरभऱ्यासाठी मुलं पुन्हा अडीचलाच गुणतात आणि २५ गुंठे काढतात. पण उरलंय एकच एकर, त्याचा चौथा हिस्सा १० गुंठे. ‘कशाचा?’ याचं उत्तर इथे बदललेलं असतं, आणि ‘उरलेल्या’ हा शब्द मुलं डोळ्यांआड करतात.

पूर्णांकयुक्त अपूर्णांकांची चूक वेगळी. भरताच्या किलोभर वांग्यांना दीड पळी तेल, तर अडीच किलोला किती? बरीच मुलं करतात: दोन एके दोन, अर्ध्याचा अर्धा पाव, उत्तर सव्वादोन. अहो, दोन किलोलाच तीन पळ्या लागतात! दोनाचा अर्धा आणि एकाचा अर्धा हे दोन तुकडे राहून गेले. ते धरले की २ + १ + १/२ + १/४, पावणेचार. म्हणून आधी अंशाधिक, म्हणजे छेदापेक्षा अंश मोठा असलेला अपूर्णांक, करून घ्यावं: ३/२ × ५/२ = १५/४. पूर्वी पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, म्हणजे पाव, अर्धा, पाऊण, सव्वा, दीड यांचे पाढे, पाठ असायचे. ज्यांना दिडकी येत होती त्यांना दोनाची दीडपट तीन तोंडावर असायची; तीत अर्ध्याची दीडपट पाऊण मिळवली की पावणेचार. घरात कोणी तसं असेल तर तिला त्यांच्याजवळ बसवा.

हे झालं की तिलाच उत्तर दीड एकर येईल असं उदाहरण रचायला सांगा, आणि ‘चा, ची, च्या’ तिने कुठे बसवलंय ते पाहा.