हप्ता दिसतो, व्याज दिसत नाही : गृहकर्जावर वाचकांचे प्रश्न

या वेळच्या पत्रांमध्ये गृहकर्जावरची पत्रं सर्वांत जास्त होती. उत्तरांची एकमेकांशी तुलना करता यावी म्हणून सगळीकडे एकच उदाहरण घेतलं आहे : ५० लाखांचं कर्ज, दरसाल ८.५ टक्के व्याज, २० वर्षांची मुदत, व्याजाची आकारणी दरमहा शिलकीवर. याचा हप्ता ४३,३९१ येतो. चलन कोणतंही समजा, हिशेब बदलत नाही.

प्रश्न : पाच वर्षं एकही हप्ता चुकवला नाही. तरी परवा स्टेटमेंट पाहिलं तर कर्ज जेमतेम कमी झालेलं. बँकेचं काही चुकतंय का?

बहुतेक नाही. आपल्या उदाहरणात पाच वर्षांत तुम्ही २६ लाख ३ हजार भरता. त्यातले २० लाख १० हजार व्याजात जातात आणि मुद्दल कमी होतं ५ लाख ९४ हजारांनी. शिल्लक राहते ४४ लाख ६ हजार.

पहिल्या महिन्याचा हिशेब कागदावर मांडला की कारण कळतं. ५० लाख गुणिले ८.५ टक्के, भागिले १२, म्हणजे ३५,४१७. हे झालं त्या महिन्याचं व्याज. हप्ता ४३,३९१, म्हणून मुद्दलात गेले ७,९७४. पुढच्या महिन्यात व्याज लागतं ४९,९२,०२६ वर, म्हणजे ५६ नं कमी, आणि तेवढेच ५६ मुद्दलात जास्त जातात. ही गती सुरुवातीला फारच मंद असते. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजाच्या वाट्यापेक्षा मोठा व्हायला १४३ वा हप्ता उजाडतो, म्हणजे बारावं वर्ष संपत आलेलं असतं. कर्ज निम्म्यावर यायला १६६ हप्ते लागतात. वीस वर्षांत एकूण भरणा होतो १ कोटी ४ लाख १४ हजार. त्यात व्याज ५४ लाख १४ हजार.

बँकेकडून परतफेडीचा तक्ता (प्रत्येक हप्त्यात व्याज किती, मुद्दल किती ते दाखवणारा) मागून घ्या आणि वरच्यासारखे तीन-चार महिने स्वतः पडताळून पाहा. जुळले नाहीत, तर व्याजाची आकारणी कशी होते ते विचारा. शिल्लक दरमहा कमी धरण्याऐवजी वर्षातून एकदाच कमी धरली जात असेल, तर त्याच ८.५ टक्क्यांचा हप्ता ४४,०३० होतो आणि वीस वर्षांत दीड लाख जास्त जातात.

प्रश्न : ३० वर्षांची मुदत घेतली तर हप्ता हलका होतो, असं एजंट सांगतो. घ्यावी का?

हप्ता होतो ३८,४४६. म्हणजे महिन्याला ४,९४५ वाचतात. व्याज मात्र ५४ लाखांवरून ८८ लाख ४० हजारांवर जातं. उलट १५ वर्षं घेतलीत तर हप्ता ४९,२३७ आणि व्याज ३८ लाख ६३ हजार. मुदत वाढवत नेली की हप्ता दर वेळी आधीपेक्षा कमी उतरतो आणि व्याज आधीपेक्षा जास्त चढतं. तिसावं वर्ष गाठेपर्यंत हा सौदा फारच महाग झालेला असतो.

तरीही लांब मुदत नेहमीच चूक, असं आम्ही म्हणणार नाही. उत्पन्न अनियमित असेल तर ३० वर्षांचा करार करून दरमहा ४३,३९१ भरत राहता येतं. असं केलं की कर्ज २० वर्षांतच फिटतं आणि अडीअडचणीच्या महिन्यात ३८ हजारांवर उतरायची मोकळीक राहते. त्यासाठी दोन गोष्टी आधी लेखी घ्या : जादा भरणा त्याच दिवशी मुद्दलात वळता होतो का, आणि त्यावर दंड आहे का. काही ठिकाणी जादा रक्कम ‘आगाऊ हप्ता’ म्हणून बाजूला पडून राहते आणि व्याज एका पैशानंही कमी होत नाही.

प्रश्न : मेहुणे म्हणतात, महागाईमुळे पुढचे हप्ते फुकटासारखेच वाटतील, म्हणून कर्ज जितकं लांब तितकं चांगलं.

मेहुण्यांचं अर्धं बरोबर आहे. महागाई दरसाल ५ टक्के धरली, तर विसाव्या वर्षीच्या शेवटच्या ४३,३९१ ची आजची किंमत साधारण १६ हजार भरते. सगळे २४० हप्ते आजच्या किमतीत मांडले तर १ कोटी ४ लाखांचे सुमारे ६६ लाख होतात. त्यामुळे ‘घराची दुप्पट किंमत मोजली’ हे वाक्य ऐकायला जितकं भयंकर वाटतं, तितका हिशेब भयंकर नसतो.

उरलेलं अर्धं असं की, हप्ता हलका होतो तो उत्पन्न महागाईबरोबर वाढलं तरच. आणि ८.५ टक्क्यांचं कर्ज मुद्दाम रेंगाळत ठेवण्यात फायदा तेव्हाच, जेव्हा हातातला पैसा कर जाऊन ८.५ टक्क्यांपेक्षा जास्त आणि तितक्याच खात्रीनं कमावतो. अशी जागा मेहुण्यांना माहीत असेल तर त्यांनी ती लेखी कळवावी.

प्रश्न : आमचं कर्ज बदलत्या दराचं आहे. वर्षभरानं दर १ टक्क्यानं वाढला, पण हप्ता तेवढाच राहिला. म्हणजे आम्हाला झळ बसली नाही ना?

बसली, आणि चांगलीच. हप्ता बदलला नाही याचा अर्थ मुदत वाढली. वर्षाअखेर शिल्लक ४९ लाख. दर ९.५ झाला आणि हप्ता ४३,३९१ च ठेवला, तर उरलेल्या २२८ हप्त्यांचे २८५ होतात. जवळजवळ पावणेपाच वर्षं वाढली आणि एकूण भरणा सुमारे २४ लाख ६० हजारांनी फुगला.

त्याच दिवशी बँकेत जाऊन ‘मुदत तीच ठेवा, हप्ता वाढवा’ असं सांगितलं असतं, तर हप्ता ४६,४९८ झाला असता. महिन्याला ३,१०७ जास्त, आणि उरलेल्या काळात मिळून ७ लाख ८ हजार जास्त. दरवाढ एकच असताना एका वाटेला सात लाख आणि दुसऱ्या वाटेला साडेचोवीस लाख जातात. बदलत्या दराच्या कर्जात लोकांचं सर्वांत मोठं नुकसान इथे होतं, आणि त्यासाठी कुणी त्यांची सही मागत नाही. दर वाढला की मुदत आपोआप लांबवण्याची तरतूद बऱ्याच करारांत आधीच असते.

याच्या पुढची पायरी आणखी वाईट. या शिलकीवर दर १०.६३ टक्क्यांच्या पुढे गेला तर ४३,३९१ हा हप्ता त्या महिन्याच्या व्याजालाही पुरत नाही. तुम्ही हप्ते भरत राहता आणि मुद्दल वाढत जातं.

करायचं ते एवढंच : दर बदलल्याचा निरोप आला की नवा दर वाचून थांबू नका. शिल्लक मुद्दल आणि शिल्लक हप्त्यांची संख्या, हे दोन आकडे मागा. हप्त्यांची संख्या मागच्या वेळेपेक्षा, मधले भरलेले वजा करूनही, जास्त दिसली तर हप्ता वाढवून घ्यायचा अर्ज द्या. पूर्ण वाढ झेपत नसेल तर हजार-दीड हजारानं वाढवली तरी दोन-अडीच वर्षं परत मिळतात. आणि दर खाली येतो तेव्हा हप्ता कमी करून घेऊ नका, तसाच राहू द्या.

प्रश्न : दोन बँकांचा दर अगदी सारखा आहे. मग कुठलीही चालेल?

दराबाहेरचे पैसे मोजा. प्रोसेसिंग फी, म्हणजे कर्ज देताना बँक सुरुवातीलाच कापून घेते ती रक्कम, १ टक्का असेल तर हातात ५० लाख नाही, साडेएकोणपन्नास लाख येतात, पण हप्ता ५० लाखांचाच असतो. पूर्ण वीस वर्षं धरली तर खरा दर सुमारे ८.६४ पडतो. पाच वर्षांत कर्ज बंद केलंत तर तोच पावणेनऊच्या आसपास जातो, कारण फी कमी वर्षांवर वाटली जाते. म्हणून लवकर फेडायचा विचार असेल त्यानं फीची घासाघीस जास्त करावी.

दुसरी जागा विम्याची. दीड लाखाचा एकरकमी हप्ता ‘कर्जातच टाकून देतो, तुम्हाला जाणवणार नाही’ असं सांगितलं जातं. महिन्याला १,३०२ वाढतात, खरंच जाणवत नाहीत. वीस वर्षांत त्याचे ३ लाख १२ हजार होतात. विमा हवाच, कारण कर्ज मागे ठेवून माणूस गेला तर घर धोक्यात येतं. पण दरवर्षी हप्ता भरायचा साधा मुदतीचा विमा वेगळा घेतला तर त्यावर व्याज चढत नाही, आणि बँक बदलली तरी तो तुमच्याकडेच राहतो. कर्जाला जोडलेल्या पॉलिसीत बऱ्याचदा विम्याची रक्कम शिलकीबरोबर घटत जाते. ती कोणत्या वेगानं घटते आणि कर्ज लवकर बंद केल्यास विम्याचा किती हप्ता परत मिळतो, हे विचारून घ्या.

बांधकाम चालू असलेलं घर असेल तर आणखी एक छुपा खर्च आहे. ताबा मिळेपर्यंत उचललेल्या रकमेवर नुसतं व्याज भरायचं असतं. सरासरी २५ लाख उचललेले धरले तर तीन वर्षांत ६ लाख ३७ हजार जातात, आणि मुद्दल जिथल्या तिथे. ताबा लांबला की हाही आकडा लांबतो.

प्रश्न : पाच वर्षं झाली. दुसरी बँक अर्धा टक्का कमी दरात आमचं कर्ज आपल्याकडे घ्यायला तयार आहे आणि हप्ता साडेसहा हजारांनी उतरेल म्हणते. हलवू का?

अर्ध्या टक्क्यानं हप्ता साडेसहा हजारांनी उतरत नाही, तिथेच थांबा. ४४ लाख ६ हजार शिल्लक, ८ टक्के, उरलेली १५ वर्षं : हप्ता ४२,१०९. फरक महिन्याला १,२८२, एकूण २ लाख ३१ हजार. नवी फी, कागदपत्रांचा आणि गहाणाच्या नोंदणीचा खर्च यातून वजा करून जे उरेल तो तुमचा खरा फायदा.

साडेसहा हजार येतात ते मुदत पुन्हा २० वर्षं केल्यामुळे. मग हप्ता ३६,८५७ होतो खरा, पण एकूण भरणा ८८ लाख ४६ हजार. जुन्याच बँकेत राहिला असतात तर ७८ लाख १० हजार. कमी दर घेऊन दहा लाख जास्त. हलवायचंच तर १५ वर्षांवर हलवा, किंवा आधी आपल्याच बँकेला दर कमी करायला सांगा. नव्या ग्राहकाला जो दर मिळतो तो जुन्यालाही, थोडी फी घेऊन, पुष्कळदा मिळतो.

प्रश्न : ५ लाख हाताशी आहेत. मुद्दलात भरावे का? हप्ता कमी करावा की मुदत?

पहिलं वर्ष संपताना ५ लाख भरले आणि हप्ता तोच ठेवला तर ४८ हप्ते कमी होतात, व्याज १६ लाख वाचतं. त्याऐवजी हप्ता कमी करून घेतला (३८,९६४ होतो) तर वाचतं ५ लाख ९ हजार. बँका काही सांगितलं नाही तर हप्ता कमी करतात किंवा मुदत, ते ठिकाणानुसार बदलतं. म्हणून अर्जात ‘मुदत कमी करावी’ असं स्पष्ट लिहा आणि नवा तक्ता घेऊनच बाहेर पडा.

हेच ५ लाख दहाव्या वर्षाच्या शेवटी भरले तर २५ च्या आसपास हप्ते आणि ५ लाख ७१ हजार व्याज वाचतं. एकरकमी जमत नसेल त्यांनी दरवर्षअखेर एक हप्ता जादा भरावा : कर्ज १६ वर्षं ९ महिन्यांत संपतं आणि १० लाखांहून जास्त वाचतात. मात्र सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च बाजूला असल्याशिवाय मुद्दलात एक पैसाही भरू नका. कर्जात गेलेला पैसा परत काढायचा तर तो नव्या कर्जानं काढावा लागतो, आणि तेव्हा दर तुमच्या हातात नसतो.

प्रश्न : शेवटची तीन वर्षं राहिलीत. आता व्याज नगण्य आहे, त्यामुळे लवकर फेडण्यात अर्थ नाही असं ऐकलं.

व्याज कमी आहे, कारण शिल्लक कमी आहे. दर ८.५ च आहे. १३ लाख ७५ हजार आज भरून टाकले तर १ लाख ८८ हजार व्याज वाचतं. तेच पैसे ठेवीत कर जाऊन ६ टक्के कमावत असतील तर फेडणंच फायद्याचं, ८.५ च्या वर कमावत असतील तर नाही. पहिल्या वर्षीही निकष हाच होता.

बंद करताना ठरलेल्या तारखेपर्यंतच्या व्याजासह अंतिम रकमेचं पत्र घ्या, कारण स्टेटमेंटवरची शिल्लक आणि ही रक्कम काही दिवसांच्या व्याजानं वेगळी असते. भरल्यावर बेबाकीचा (काही देणं उरलं नसल्याचा) दाखला, मूळ कागदपत्रं यादीशी ताडून, आणि घरावरचा बोजा उतरवल्याची नोंद घ्या. शेवटच्या हप्त्यानंतर खात्यातून हप्ता आपोआप वळता करण्याची दिलेली सूचना आपल्या बँकेत जाऊन रद्द करा.