मोठ्यांसाठी फँटसी लिहिताय? आधी गावाकडचं पेव आठवा

ताई, तुमची प्रकरणं वाचली. हात चांगला आहे, थांबू नका. सध्या एवढंच बघा.

ड्रॅगन आणि बर्फातले राजवाडे सोडा. आपल्याकडं माळवद आहे, बारव आहे, पिंपळावरचा मुंजा आहे. धान्याचं पेवच घ्या. जमिनीतला खड्डा, तोंड बंद, आत कोंडलेली विषारी हवा. म्हणून उघडल्यावर लगेच कुणी उतरत नसे. पोरांना मात्र ‘तिकडं जाऊ नको, धरतंय’ एवढंच सांगितलं जाई. भीती खरी, सांगितलेलं कारण वेगळं. या दोहोंमधल्या फटीत जादू बसते. तुमच्या नायिकेला चाळिशीत खरं कारण कळलंय, तरी ती पेवाला वळसा घालूनच जाते. तो वळसा लिहा.

मग दोन गोष्टी:
- मुंजा लगेच दाखवू नका. दौलताबाद किल्ल्यातल्या अंधारीत, म्हणजे तिथल्या काळोख्या भुयारी वाटेत, काही दिसत नाही, म्हणूनच घाम फुटतो.
- जादूची किंमत कुणीतरी मोजली पाहिजे.

नवशिके हमखास चुकतात ते बालपण गोड करण्यात. (आजी, चूल, चांदणं... पुरे!) १९९३ च्या किल्लारी भूकंपानंतर आपल्याकडं माणसं घरात झोपायला घाबरत. तशी आठवण असेल तर ती लपवू नका.

नकाशे, राजघराण्यांच्या वंशावळी, जादूचे नियम यांना आत्ता हातच लावू नका. त्यात वर्ष जातं आणि कादंबरी राहून जाते. पुढचं प्रकरण झालं की पाठवा.