दुर्गम डोंगरी गावांची गाईडसोबतची दोन-तीन दिवसांची सहल घ्यावी का?

घ्या, पण रोजचा मुक्काम किती उंचीवर आहे ते आधी विचारा. २५०० मीटरच्या वर विरळ हवेचा त्रास होऊ शकतो. ३००० च्या पुढे झोपण्याची उंची दिवसाला ५०० मीटरपेक्षा जास्त वाढवू नये असा नियम आहे, आणि छोट्या सहलींत घाईघाईत नेमका तोच मोडतात. डोकं दुखून मळमळायला लागलं तर पुढे चढायचं नाही. त्रास वाढला तर सरळ खाली उतरायचं. गाईडची याला तयारी आहे का, हे पैसे भरण्याआधीच विचारून घ्या.

'दोन दिवसांत पाच गावं' दिसलं की मी तरी पान उलटतो. निम्मा वेळ गाडीतच जातो. एकाच गावात दोन रात्री काढणं कधीही बरं. गाईड त्याच खोऱ्यातला असावा. वाट काय, मोबाईलही दाखवतो. पण ओळखीचा माणूस सोबत असला की लोक ओसरीवर बसवून मोकळेपणी बोलतात. फोटो मात्र विचारूनच काढा.

देखावे सकाळीच बघून घ्या, दुपारनंतर बहुधा ढग येतात. दर १००० मीटरला तापमान साधारण ६ अंशांनी उतरतं, त्या हिशोबाने कपडे घ्या.