नैनितालच्या तलावात मोटरबोट मिळते का?

प्रश्न: ताई, मे महिन्यात सहकुटुंब नैनितालला चाललोय. मुलांना मोटरबोटीत बसायचंय, आणि ते लाइफ जॅकेट घालायलाच लागतं का हो? धाकटा फार कटकट करतो.
– एक बाबा, नाशिक

उत्तर: मोटरबोट विसरा. नैनीतालमध्ये पर्यटकांसाठी वल्ह्याची नाव नाहीतर पॅडलबोट, आणि ते बरंच आहे कारण गावाला प्यायचं पाणी याच तलावाच्या काठच्या विहिरींतून येतं, त्यात डिझेलचा तवंग कशाला! शिडाच्या होड्याही दिसतील, तिथला यॉट क्लब 1910 पासूनचा आहे.

जॅकेट मात्र घालायचंच, नाव चालवणाऱ्याने ‘चलता है’ म्हटलं तरी. धाकट्याला मोठ्यांचं देऊ नका. घातल्यावर खांद्यांपाशी धरून वर ओढून बघा, कानापर्यंत आलं तर मोठंय, बदलून मागा, सगळे बक्कल लावा. रेट घाटावरच्या बोर्डावर वाचूनच बसा. आणि हो, वेफर्सचं पाकीट पाण्यात टाकू नका, उत्तराखंडात कचरा करण्या-थुंकण्याविरुद्ध 2016 चा कायदा आहे, दंड होतो.