मालकाला नोटीस आली, भाडेकरूचं काय?

प्रश्न : वकीलकाकू, खंडवा रोडवर सिमरोलच्या अलीकडे २०११ पासून आमचं पोहे-जिलबीचं दुकान आहे. जागा भाड्याची. पत्र्याची शेड, फरशी, भट्टी, बोरिंग सगळं आमच्या पैशानं केलेलं. करार एकदाच झाला, २०१४ साली, अकरा महिन्यांचा. भाडं रोख देतो. आता जागा हायवेत जाणार म्हणून मोजणी झाली. मालक म्हणतात, "पैसे माझ्या नावावर येणार. वीस हजार देतो, या कागदावर सही करा आणि दिवाळीपर्यंत खाली करा." आमचे हे म्हणतात, भांडण नको, करून टाकू सही. आमचा काही हक्क आहे का?
– एक भगिनी, इंदूर

उत्तर : ताई, सही करू नका. कागदात काय आहे ते तुम्ही कळवलेलं नाही, पण "माझा या जागेवर कसलाही दावा नाही" हे वाक्य अशा कागदात बहुधा असतंच.

जमिनीच्या भावात मोठा वाटा मिळेल अशी आशा मी तुम्हाला लावणार नाही. तो मालकाचा. पण शेड, भट्टी, बोरिंग तुमचं आहे आणि दुकान हलवण्याचा खर्चही तुमचाच आहे. १९५६ च्या राष्ट्रीय महामार्ग अधिनियमात भरपाई ठरवताना जे बघायचं त्यात हे स्पष्ट लिहिलंय: संपादनामुळे राहण्याची किंवा धंद्याची जागा बदलावी लागली तर त्याचा वाजवी खर्च. तिथे शब्द 'मालक' नाही, 'हितसंबंधित व्यक्ती' आहे.

शिवाय २०१३ च्या भूसंपादन कायद्यातले पुनर्वसनाचे लाभ १ जानेवारी २०१५ पासून राष्ट्रीय महामार्गांनाही लागू आहेत. त्या कायद्यात बाधित कुटुंब म्हणजे फक्त जमीनवाले नव्हेत. संपादनाआधी तीन वर्षं ज्यांचं पोट मुख्यतः त्या जागेवर चाललं, तेही त्यात येतात. तुमची तर २०११ पासूनची वर्षं आहेत. विस्थापित छोट्या दुकानदाराला एकरकमी किमान २५,००० रुपये, बाधित कुटुंबाला पुनर्स्थापना भत्ता ५०,००० रुपये, हे त्याच्या दुसऱ्या अनुसूचीत आहे. मालकाचे वीस हजार याच्या शेजारी ठेवून बघा.

पण हे कोणी घरी आणून देत नाही. महामार्ग अधिनियमाच्या कलम ३-जी खाली सक्षम अधिकारी (भूसंपादनासाठी नेमलेले) दोन स्थानिक वर्तमानपत्रांत नोटीस देऊन दावे मागवतात. ती आपल्याकडे हिंदी पेपरात, बारीक अक्षरात येते. तिची वाट बघत बसू नका. आपल्या खसरा नंबरासह (म्हणजे जमिनीचा सर्व्हे नंबर) लेखी दावा आत्ताच द्या आणि पोच घ्या. त्यात हेही लिहा की वाटणीचा वाद आहे, तो मिटेपर्यंत आमच्या वाट्याचे पैसे मालकाला देऊ नयेत. असा वाद अधिकाऱ्यानं जिल्ह्याच्या दिवाणी न्यायालयाकडे पाठवायचा असतो. (रक्कमच कमी वाटली तर ते वेगळं, त्यासाठी लवाद असतो.)

हे इतकं ठासून सांगते, कारण वकिलीच्या सुरुवातीला माझ्याकडे ए. बी. रोडवरचा एक शिंपी आला होता. पिशवीभर वीजबिलं, पावत्या, सगळं जपलेलं. पण आला तो निवाडा होऊन मालकानं पैसे उचलल्यावर. पुढे वर्षानुवर्षं तारखा. ती पिशवी मला अजून दिसते.

दिवाळीची मुदतही मनातून काढा. ताबा मागायचा तर आधी भरपाईची रक्कम जमा व्हावी लागते, मग जागेवर असलेल्या प्रत्येकाला लेखी नोटीस आणि ६० दिवस. मालकाच्या तोंडी सांगण्यावर हलू नका. एकदा दुकान रिकामं केलंत की तिथे होतो हे सिद्ध करणं तुमच्या गळ्यात पडेल.

पुरावा म्हणून २०१४ चा करार संपलेला असला तरी जोडा. गुमास्ता, अन्न परवाना, वीजबिलं, बोरिंगवाल्याची पावती, मुलांच्या शाळेतला पत्ता, काहीही चालेल. भाडं या महिन्यापासून बँकेतून द्या. रस्ता राज्य सरकारचा निघाला तर २०१३ चाच कायदा लागेल, पण दावा तेव्हाही तुम्हीच लावायचा.

आणि यांना सांगा, दावा लावणं म्हणजे भांडण नव्हे. मालकांशी बोलणं गोड ठेवा. शेड, भट्टी, बोरिंगचे फोटो मात्र याच आठवड्यात काढा, शेजारच्या दोन दुकानदारांना त्यात उभं करून.