आर्टिफॅक्ट म्हणजे कलाकृती?

प्रश्न असा: फोटो-एडिटिंगच्या एका मदतपानावर 'जेपेग आर्टिफॅक्ट्स'चं (जेपेग म्हणजे फोटो लहान फाइलमध्ये साठवायची पद्धत, आणि त्यात चित्रावर उमटणारे डाग-ठोकळे म्हणजे हे आर्टिफॅक्ट्स) भाषांतर 'जेपेग कलाकृती' असं केलंय. हे चालेल का? नाही तर मग काय म्हणावं?

अजिबात चालणार नाही. कलाकृती म्हटलं की वाचक ती टांगायला खिळा शोधणार, आणि इथे तर ती पुसून टाकायची आहे. शब्दकोशातला पहिला अर्थ उचलला की असं होतं. मूळ लॅटिन शब्दांचा अर्थ 'कौशल्याने केलेलं'. उत्खननात सापडलेलं खापर मातीत आपोआप झालेलं नसतं, माणसाच्या हातचं असतं, म्हणून ते आर्टिफॅक्ट. सूक्ष्मदर्शकवाल्यांनी तोच शब्द तक्रारीच्या सुरात वापरला: काचपट्टी तयार करताना पडलेली सुरकुती, अडकलेला बुडबुडा. नमुन्यात ते नव्हतं, आपल्या हातून झालं. फोटोतला अर्थ याच वाटेचा: मूळ चित्रात नसलेलं, फाइल तयार करताना आलेलं.

'विकृती' सुचवणारे पुष्कळ भेटतील. मला तो अर्धाच पटतो. विकृतीत असलेलं बिघडतं. भिंगामुळे सरळ खांब वाकडा दिसला तर ती विकृती. आर्टिफॅक्टमध्ये बहुतेकदा नसलेलं उगवतं. पांढऱ्यावर काळी अक्षरं असलेलं चित्र कमी क्वालिटीवर जेपेग म्हणून सेव्ह करा आणि मोठं करून बघा. अक्षरांभोवती करडी भुरभुर दिसेल, आणि ती ठरावीक चौकोनाच्या सीमेशी येऊन एकदम थांबलेली असेल. जेपेग चित्राचे 8×8 पिक्सेलचे ठोकळे पाडतं आणि प्रत्येक ठोकळ्यातला बारीक तपशील गाळतं. ठळक कड नीट उमटायला नेमका तोच तपशील लागतो. तो गेला की कडेची थरथर ठोकळाभर सांडते. मूळ चित्रात तिथे कोरा पांढरा रंग होता.

यासाठी एकच नाम हवं असेल तर मी 'कृतक' म्हणेन. 'कृतककोप' आपल्याला ओळखीचा आहे: राग नाही, पण दिसतो. ही भुरभुरही तशीच. अनेकवचन करताना जीभ जरा अडखळते, हे मान्य.

बोलताना मात्र या नामावाचून कोणाचं अडत नाही, कारण मराठी हे काम क्रियापदावर सोपवते. लहान फोटो ताणून मोठा केला की तो 'फाटतो'. डिझाइन करणारे सरळ सांगतात, "हा फाटेल, ओरिजिनल पाठवा." रेकॉर्डिंगची पातळी फार चढली की आवाजही 'फाटतो' (खरं तर ध्वनिलहरींचे शेंडे छाटले जातात, पण 'आवाज छाटला' असं कोणी म्हणत नाही). संध्याकाळच्या आकाशात रंगांच्या छटा कमी पडल्या की 'पट्टे' दिसतात. अँटेनाच्या टीव्हीवर यायच्या त्या 'मुंग्या' मात्र या यादीत घालू नका. तो नॉइज, म्हणजे सिग्नलमध्ये मिसळलेली खरखर; त्याची जात वेगळी. बारीक रेघांच्या शर्टावर उमटणाऱ्या लाटांना मराठी शब्द शोधत बसण्यापेक्षा 'मोआरे' तसाच राहू द्यावा.

त्या मदतपानावर मी नाम टाळून एवढंच लिहिलं असतं: "फाइल फार लहान केल्यास चित्रात ठोकळे आणि अक्षरांच्या कडेला भुरभुर दिसू शकते."