‘डायस्पोरा’साठी ‘परागंदा’ चालेल का?

प्रश्न असा आहे: काओ कालिया यांग या म्हॉंग-अमेरिकन लेखिकेच्या ‘द लेटहोमकमर’ (२००८) या आत्मकथनाचा मराठीत परिचय लिहायचा आहे, त्यात ‘म्हॉंग डायस्पोरा’ला, म्हणजे मूळ ठिकाण सोडून जगभर पांगलेल्या म्हॉंग समाजाला, ‘अनिवासी म्हॉंग’ म्हणावं का?

नको. ‘अनिवासी’ म्हटलं की मागे एक देश आलाच. म्हॉंग लोकांचा स्वतःचा देश कधी नव्हताच. मूळचे दक्षिण चीनमधले, त्यातले बरेच लाओसच्या डोंगरांत उतरले. तिथे अमेरिकेने कम्युनिस्टांविरुद्ध गुपचूप चालवलेल्या युद्धात हजारो जण अमेरिकेच्या बाजूने लढले आणि १९७५ मध्ये सत्ता कम्युनिस्टांकडे गेल्यावर जीव मुठीत धरून मेकाँग नदी ओलांडून थायलंडला पळाले. काओ कालियाचा जन्म १९८० चा, तिथल्या बान विनाई या निर्वासितांच्या छावणीतला. १९८७ मध्ये हे कुटुंब अमेरिकेत मिनेसोटाला पोचलं. मग ही बाई अनिवासी कुठली?

‘निर्वासित’ आईवडिलांना चपखल बसतो, पण अमेरिकेत जन्मलेल्या धाकट्या भावंडांना लावता येत नाही. ‘स्थलांतरित’ फारच सौम्य. ऊसतोडीला जाणारेही स्थलांतरित आणि नोकरीसाठी बंगळुरूला गेलेला इंजिनिअरही.

मी ‘परागंदा’ सुचवेन. दिसायला त्यात ‘पर’ आहे, पण संस्कृत ‘पर’शी त्याचा संबंध नाही. तो फारसीतून आला, अर्थ विखुरलेला. ‘डायस्पोरा’ या ग्रीक शब्दाच्या मुळाशीही विखुरणंच आहे. शिवाय मराठीत ‘परागंदा होणे’ म्हणजे घरदार टाकून निघून जावं लागणं, म्हणजे या लोकांच्या वाट्याला जे आलं तेच. अडचण एकच: बातम्यांमध्ये कर्जबुडवेही परागंदा होतात, त्यामुळे शब्दाला गुन्ह्याचा वास लागलाय. म्हणून पहिल्यांदा ‘जगभर विखुरलेला परागंदा म्हॉंग समाज’ असं पूर्ण लिहा. पुढे ‘परागंदा कुटुंबातली मुलगी’ आपोआप समजेल.

हे विखुरणं घरातही शिरतं, आणि परिचयात ते यायलाच हवं. लेखिकेने एक प्रसंग सांगितला आहे. आई दुकानात विजेचा बल्ब शोधत होती, पण इंग्रजी शब्द येईना. तिने ‘जग उजळवणारी वस्तू’ अशा अर्थाचं काहीतरी मागितलं, आणि विक्रेती निघून गेली. शेजारी उभ्या असलेल्या लहान मुलीने ठरवलं, ज्या जगाला आपल्या आईचं ऐकायचं नाही त्याच्याशी आपणही बोलायचं नाही. पुढे कित्येक वर्षं ती इंग्रजीत जवळजवळ गप्पच राहिली.

आता लेखनाबद्दल. ‘हमोंग’ नको, त्याचा उच्चार ह-मोंग होतो. मूळ ध्वनी म्हणजे श्वासासकट येणारा अघोष (गळ्यात कंप न होता उच्चारलेला) म. मराठीत ‘म्हण’, ‘म्हैस’ यांतला ‘म्ह’ त्याच्या सगळ्यांत जवळचा, म्हणून ‘म्हॉंग’. नुसतं ‘मॉंग’ही टाळा, कारण ज्यांच्या बोलीत हा श्वास नाही असा या समाजातलाच एक गट स्वतःला तसं म्हणवतो. आडनाव मात्र ‘यांग’च ठेवा. म्हॉंग भाषेत त्याचा उच्चार ‘या’ असा उतरत्या सुरात होतो, पण पुस्तकावर ती ‘यांग’ लिहिते.